निलंबनाचा हुकूम आणि अर्ध्या पगाराचे घर

ठाकूरद्वारच्या नाक्यावरून चर्नी रोड स्टेशनकडे चालत जावे आणि रूळ ओलांडून समुद्राच्या अंगाला उतरावे, की शासकीय मुद्रणालय लागते. सरकारी कायदे, नियम, राजपत्रे यांची पुस्तके तेथल्या ग्रंथागारात विकत मिळत आली आहेत. त्यांतलेच एक म्हणजे महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९. हे पुस्तक आस्थापना शाखेच्या कपाटात असते, साहेबांच्या टेबलावर असते. ज्याच्यावर ते चालवायचे त्या नोकरदाराच्या घरात मात्र क्वचितच सापडते. घरच्या बाईने तर त्याचे नावही ऐकलेले नसते. आणि एके दिवशी त्यातल्या नियम ४ च्या आधाराने काढलेला एक पानी हुकूम दारात येतो की, तुमचा गृहस्थ निलंबित झाला.

गिरगावातल्या वाड्यांत आणि चाळींत भिंतीला भिंत लागून संसार असतात. कोण किती वाजता कामाला निघतो हे सगळ्या मजल्याला पाठ. म्हणून निलंबित झालेला माणूस पहिले काही दिवस नेहमीच्याच वेळी डबा घेऊन बाहेर पडतो. चौपाटीवर बसतो, वाचनालयात तेच वर्तमानपत्र दोनदा वाचतो आणि संध्याकाळी सुटायच्या वेळेला घरी परततो. पहिल्या तारखेला पगाराचे पाकीट अर्धे होते तेव्हा बायकोला कळते. मग चाळीला कळते. मुलीचे स्थळ ठरत आले असेल तर ते लोक चौकशी करून गप्प बसतात. आपल्या समाजात असा माणूस बहुतेक वेळा घरातला पहिला पगारदार असतो. गावाकडचे आईवडील, धाकट्या भावाचे शिक्षण, बहिणीचे बाळंतपण, सारे त्याच एका पगारावर उभे असते. म्हणून सस्पेंड झालेला तो एकटा नसतो, त्याच्याबरोबर दोन घरे सस्पेंड होतात.

आणि समाज काय म्हणतो? ‘काहीतरी केलेच असेल, त्याशिवाय का घरी बसवला?’

येथेच मोठी गफलत आहे. निलंबन ही शिक्षा नव्हे. नियमात शिक्षांची यादी वेगळी आहे. ठपका, वेतनवाढ रोखणे, पदावनती, सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणे, बडतर्फी अशी ती चढत जाते आणि निलंबन त्या यादीत नाही. चौकशी करायची आहे किंवा चालू आहे, अथवा फौजदारी गुन्ह्याचा तपास किंवा खटला चालू आहे, म्हणून माणसाला कामापासून दूर ठेवायचे, एवढाच त्याचा अर्थ. त्याचे नोकरीचे नाते तुटत नाही. कागदोपत्री तो सरकारी नोकरच राहतो, वर्तणुकीचे नियम त्याला लागू राहतात, मुख्यालय सोडायचे तर परवानगी लागते. दुसरी नोकरी मात्र धरता येत नाही.

पण शिक्षा नाही म्हणूनच निलंबन करणे सोपे झाले आहे. घटनेच्या ३११ व्या कलमाने सरकारी नोकराला मोठे कवच दिले आहे. आरोप कळवून, बाजू मांडण्याची वाजवी संधी देऊन चौकशी केल्याशिवाय त्याला बडतर्फ करता येत नाही, काढून टाकता येत नाही, खालच्या पदावर आणता येत नाही. निलंबन या तिन्हींत बसत नाही, म्हणून त्याला हे कवच नाही. आधी नोटीस नको, खुलासा नको, साहेबांची सही पुरे. आणि महापालिकेचा झाडूवाला, एस. टी.चा वाहक, बेस्टचा चालक यांना तर ३११ वे कलम लागूच नाही; त्यांच्या त्यांच्या संस्थेचे सेवानियम आणि कामगार कायदे हाच त्यांचा आधार. ठाकूरद्वारचा रस्ता पहाटे झाडणारा कामगार चंदनवाडीच्या सी विभाग कार्यालयाचा नोकर आहे आणि मंत्रालयातला कारकून राज्य सरकारचा. एकाच दिवशी दोघांना निलंबनाचा हुकूम मिळाला तर दाद मागण्याचे रस्ते वेगळे होतात. कारकुनाने नरिमन पॉइंटला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जायचे, झाडूवाल्याने युनियनला धरून कामगार किंवा औद्योगिक न्यायालयाची वाट धरायची.

कामगारांच्या बाबतीत एक गोष्ट सांगितली पाहिजे. बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री असताना १९४६ साली औद्योगिक रोजगार (स्थायी आदेश) कायदा झाला. कोणते कृत्य गैरवर्तन ठरते, निलंबन केव्हा होते, हे मालकाने आधी लिहून, मंजूर करून घेऊन कामगारांना दिसेल असे लावले पाहिजे, हे त्या कायद्याचे तत्त्व. साहेबाच्या मनाला येईल ते गैरवर्तन, हा जुना खाक्या त्याने मोडला. पुढे १९८२ साली त्यात निर्वाह भत्त्याची तरतूद आली: पहिले ९० दिवस निम्मा पगार, त्यानंतर विलंब कामगारामुळे झालेला नसेल तर पाऊण पगार. या कायद्याची जागा आता २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेने घेतली आहे, पण निम्मा आणि पाऊण हे माप तिनेही ठेवले आहे.

सरकारी नोकराचा निर्वाह भत्ताही निम्म्यापासूनच सुरू होतो. मूळ पगार ३०,००० रुपये असेल तर १५,००० आणि त्या रकमेवरचा महागाई भत्ता. पहिले तीन महिने उलटल्यावर, चौकशी लांबण्यास नोकर जबाबदार नसेल तर हा भत्ता निम्म्याने वाढवता येतो, म्हणजे २२,५००. तोच विलंब लावतो आहे असे ठरले तर निम्म्याने घटवताही येतो, म्हणजे ७,५००. ही वाढ आपोआप होत नाही. साहेबाने हुकूम काढावा लागतो आणि साहेब विसरतो. तीन महिने पूर्ण होताच अर्ज द्यावा, हे कुणी सांगत नाही म्हणून कित्येक घरे वर्ष वर्ष निम्म्यावरच काढतात. शिवाय दर महिन्याला ‘मी दुसरी नोकरी, धंदा करीत नाही’ असे प्रमाणपत्र द्यावे लागते. ते दिले नाही तर भत्ताच अडतो.

निम्मा पगार तरी बरा म्हणावा, अशी एक गोष्ट याच महाराष्ट्रात घडली आहे. जुन्या मुंबई नागरी सेवा नियमांत, १९५९ च्या, एक परंतुक होते. निलंबित नोकराला खालच्या कोर्टात शिक्षा झाली आणि त्याने वर अपील केले, तर अपिलाचा निकाल लागेपर्यंत त्याला निर्वाह भत्ता मिळायचा दरमहा एक रुपया! एका रुपयात निर्वाह कसा करायचा हे नियम करणाऱ्यालाच ठाऊक. अपिलात तो सुटूही शकतो, पण तोपर्यंत जगायचे कसे, वकील कुठून द्यायचा? प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले, तेथे हे परंतुक टिकले नाही. महाराष्ट्र सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले. १९८३ च्या जुलैत न्यायमूर्ती ए. वरदराजन आणि न्यायमूर्ती ओ. चिन्नप्पा रेड्डी यांच्या पीठाने एक रुपयाचा तो नियम रद्दबातल ठरवला. हे वरदराजन म्हणजे अनुसूचित जातीतून सर्वोच्च न्यायालयात पोहोचलेले पहिले न्यायमूर्ती. तामिळनाडूचे, १९८० च्या डिसेंबरात त्यांची तेथे नेमणूक झाली. आपल्या मुलांना त्यांचे नाव ठाऊक असावे, म्हणून मुद्दाम लिहिले.

भत्ता न देता चौकशी उरकण्याची युक्तीही जुनीच आहे. मध्य प्रदेशातला एक वनक्षेत्रपाल निलंबित झाला. तो राहायला रीवाला आणि चौकशी ठेवली जगदलपूरला, सुमारे ५०० किलोमीटरवर. भत्ता वेळेवर मिळाला नाही, जायला पैसे नव्हते, चौकशी त्याच्या गैरहजेरीत झाली आणि नोकरी गेली. सर्वोच्च न्यायालयाने १९७३ साली ती कारवाई रद्द केली, कारण उपाशी ठेवून ‘या, बाजू मांडा’ म्हणणे ही वाजवी संधी नव्हे. कोलारच्या सोन्याच्या खाणीतल्या एका सुरक्षा अधिकाऱ्याचेही असेच. १९८५ साली त्याच्या घरावर छापा पडला, १९८६ साली बडतर्फी, १९८७ साली फौजदारी कोर्टातून निर्दोष सुटका आणि सर्वोच्च न्यायालयाचा न्याय मिळाला १९९९ साली. निर्वाह भत्ता न देणे म्हणजे घटनेच्या २१ व्या कलमातल्या जगण्याच्या हक्कावर घाला, असे त्या निकालात मानले गेले.

मुदतीचे काय? बरीच वर्षे निलंबनाला शेवटच नव्हता. खैरनारांचे नाव मुंबईत कुणाला सांगायला नको. महापालिकेचे उपायुक्त असताना १९९४ साली ते निलंबित झाले आणि कामावर परत यायला २००० साल उजाडले. एवढा गाजलेला अधिकारी सहा वर्षे घरी बसतो, तर आपल्या शिपायाची, मुकादमाची काय कथा? अखेर १६ फेब्रुवारी २०१५ रोजी अजयकुमार चौधरी यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने रेघ ओढली. तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिले नाही तर निलंबन त्यापुढे चालवू नये. दिले असेल तर निलंबन का वाढवायचे याची कारणे लिहून हुकूम काढावा. महाराष्ट्र शासनाने ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयाने हे आपल्या कार्यालयांना लागू केले. केंद्र सरकारच्या नियमांत तर ९० दिवसांत आढावा घेतला नाही की निलंबन संपतेच.

आता आम्ही एक अप्रिय गोष्ट लिहिणार आहोत. आपल्या वस्तीवर, आपल्या माणसावर अन्याय झाला की मोर्चाची पहिली मागणी असते, ‘अमुक अधिकाऱ्याला निलंबित करा!’ मंत्री बाहेर येतात, निलंबनाची घोषणा करतात, टाळ्या पडतात आणि मोर्चा घरी जातो. २००६ साली खैरलांजीच्या हत्याकांडानंतर पोलीस निलंबित झाले, शवविच्छेदन करणारे डॉक्टरही निलंबित झाले. परभणीत १० डिसेंबर २०२४ रोजी संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली, त्यानंतर पकडलेला सोमनाथ सूर्यवंशी हा कायद्याचा विद्यार्थी १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत मरण पावला. विधिमंडळात एका पोलीस निरीक्षकाच्या निलंबनाची घोषणा झाली. पण गुन्हा? तो नोंदवा असा आदेश मिळवायला त्याच्या आईला औरंगाबाद खंडपीठात जावे लागले. प्रकाश आंबेडकर तिच्या वतीने उभे राहिले. आदेश आला ४ जुलै २०२५ ला, म्हणजे साडेसहा महिन्यांनी, आणि त्याविरुद्धचे सरकारचे म्हणणे सर्वोच्च न्यायालयाने ३० जुलैला फेटाळले. निलंबनाची घोषणा काही दिवसांत झाली, न्यायाचा पहिला कागद मिळायला साडेसहा महिने लागले.

सरकारला निलंबन का आवडते ते यावरून कळावे. त्यात काही सिद्ध करावे लागत नाही. संताप शमतो आणि पुढे गुपचूप मागे घेता येते. ख्वाजा युनूस या तरुणाच्या कोठडीतील मृत्यूच्या प्रकरणात सचिन वाझे हे पोलीस अधिकारी २००४ साली निलंबित झाले. जून २०२० मध्ये, करोनाच्या काळात, त्यांना परत घेतले गेले. पुढे २०२१ साली दुसऱ्याच प्रकरणात अटक झाली आणि मे २०२१ मध्ये विभागीय चौकशीवाचूनच ते बडतर्फ झाले. ३११ व्या कलमात अपवाद म्हणून तशी सोय आहे. सोळा वर्षे निलंबन, मग मानाने कामावर, मग चौकशीविना बडतर्फी! मुंबईचे माजी पोलीस आयुक्त परमबीर सिंग डिसेंबर २०२१ मध्ये निलंबित झाले. मे २०२३ मध्ये सरकार बदललेले होते. नव्या सरकारने त्यांच्यावरचे आरोप मागे घेतले आणि निलंबनाचा सगळा काळ ‘कर्तव्यकाळ’ धरला. मोठ्या माणसाचे निलंबन वाऱ्यावर चालते. वारा फिरला की तेही फिरते.

म्हणून आमचे म्हणणे असे की, मोर्चाने निलंबन मागून थांबू नये. तारीख घालून दोषारोपपत्र मागावे, चौकशी अधिकाऱ्याचे नाव मागावे. कर्तव्यात जाणूनबुजून कसूर करणाऱ्या लोकसेवकाला अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम ४ खाली सहा महिने ते एक वर्ष कैद आहे. २०१६ पासून लागू झालेल्या दुरुस्तीत ही कर्तव्ये स्पष्ट लिहिली आहेत: तक्रार वाचून दाखवणे, गुन्हा नोंदवणे, प्रत देणे, मुदतीत तपास करणे. त्याचा आग्रह धरावा. निलंबन कधीच नको असे नव्हे. तक्रार करणारी मुलगी ज्या शाळेत शिकते तेथेच आरोप असलेला मुख्याध्यापक खुर्चीवर बसून राहिला तर साक्षीदार बोलणार नाहीत, कागद जागेवर राहणार नाहीत. अशा ठिकाणी निलंबन हवेच, लगेच हवे. पण ते चौकशीसाठी हवे, चौकशीच्या ऐवजी नव्हे. आपल्या माणसाच्या बाजूनेही मागणी हीच आहे. निर्दोष नोकराला दोषारोपपत्राची घाई असते. ज्याला वेळ काढायचा आहे त्याला ते नको असते.

विनयपिटकात हा प्रश्न येऊन गेला आहे. कोसंबीला एका भिक्खूवर आपत्तीचा आरोप आला. त्याला ती आपत्ती वाटत नव्हती, पण दुसऱ्यांनी त्याला ‘उक्खेपनीय’ कर्म लावले, म्हणजे आजच्या भाषेत निलंबितच केले. संघात दोन तट पडले. अट्ठकथा सांगते की मूळ भांडण शौचकुपातल्या भांड्यात उरलेल्या पाण्यावरून होते. भगवंतांनी दोघांनाही समजावले: तुम्हांला वाटले म्हणून उठून कुणाला निलंबित करू नका, आणि तूही, संघाच्या ऐक्यासाठी, चूक झाली असेल तर ती मान्य कर. ऐकेनात, तेव्हा ते पारिलेय्यकाच्या वनात निघून गेले. शेवटी कोसंबीच्या उपासकांनी भिक्षा बंद केली, तेव्हा भिक्खू ताळ्यावर आले आणि त्या भिक्खूचे निलंबन रीतसर उठले. चुल्लवग्गात तर नियमच आहे की, आरोपीच्या समोर न केलेले, त्याला न विचारता केलेले कर्म हे विधिसंमत नव्हे. आमच्या कार्यालयांत दोषारोप ठेवलेल्या नोकराला सरकारी मराठीत ‘अपचारी’ म्हणतात, चौकशी व्हायच्या आधीच. शब्दातच निकाल लावून टाकला.

आता घरच्या माणसांसाठी. हुकूम आला त्या दिवशी तारीख आणि वेळ लिहून ठेवा. पहिल्या महिन्यापासून प्रमाणपत्र द्या. निर्वाह भत्त्यातून आयकर, सरकारी घराचे भाडे, सरकारी कर्ज कापले जाते; भविष्यनिर्वाह निधीची वर्गणी कापायची नसते आणि विमा किंवा पतपेढीचे हप्ते तुमच्या लेखी संमतीशिवाय कापायचे नसतात. संमती विचार करून द्या. नव्वदावा दिवस कॅलेंडरवर खूण करून ठेवा, जयंतीच्या तारखेसारखा. दोषारोपपत्र आले तर उत्तराची मुदत त्यातच लिहिलेली असते, ती चुकवू नका आणि चौकशीत सोबत बसायला नियम जाणणारा सहकारी मागून घ्या. तो हक्क आहे. नोकर आंदोलनात वा घरगुती भांडणात अटकेत गेला आणि ४८ तासांहून अधिक कोठडीत राहिला तर हुकूम निघो न निघो, तो निलंबित मानला जातो. जामीन त्याआधी झाला तर फार फरक पडतो. घरच्या बाईने शिवणकाम, शिकवणी, खानावळ सुरू केली तर निलंबन तिच्या आड येत नाही. फक्त कुटुंबात कुणी धंदा करत असल्याचे कार्यालयाला लेखी कळवावे. खासगी शाळेतल्या शिक्षकांचे नियम वेगळे आहेत, १९८१ चे, त्यांत संस्थेला शिक्षणाधिकाऱ्याची संमती लागते. तो विषय स्वतंत्र लिहिण्याजोगा आहे.

सेवानिवृत्तीचा दिवस निलंबनात आला तरी तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते, उपदान तेवढे अडते. बढतीची बैठक झाली तर त्याचे नाव मोहोरबंद पाकिटात ठेवायचे असते आणि सुटका झाल्यावर ते पाकीट उघडायचे असते. नाव वगळले असेल तर विचारा.

आणखी एक गोष्ट कार्यालये विधवेला आपण होऊन सांगत नाहीत. चौकशी पुरी व्हायच्या आत निलंबित नोकर वारला, तर नियमाने त्याचा निलंबनाचा सगळा काळ कर्तव्यकाळ धरायचा असतो. आधी दिलेला निर्वाह भत्ता वजा करून त्या काळाचा पूर्ण पगार आणि भत्ते कुटुंबाला द्यायचे असतात. चौकशी तेथेच संपते आणि कुटुंबाच्या निवृत्तिवेतनावर तिची छाया पडू द्यायची नसते. हा नियम १९८१ च्या महाराष्ट्र नागरी सेवा नियमांत आहे, निलंबन आणि बडतर्फीच्या काळातील वेतनाचे जे नियम आहेत त्यांत. अर्ज कार्यालयप्रमुखाच्या नावे करावा, सोबत मृत्यूचा दाखला आणि निलंबनाच्या हुकुमाची प्रत जोडावी आणि आवक शाखेचा शिक्का मारलेली दुसरी प्रत घरात ठेवावी.